दर महिन्याला ट्रिम करते, तरी केस तिथेच का?

पत्र असं आलंय:

"ताई नमस्कार, मी इंदूरला राजेंद्रनगरमध्ये राहते, वय 26, ऑफिस विजयनगरला आहे, रोज ऍक्टिवाने जाते-येते. माझे केस पाठीच्या मध्यापर्यंत आहेत आणि दोन वर्षं झाली, तिथून पुढे सरकतच नाहीयेत. दोन वर्षांपूर्वी दादाच्या लग्नात स्मूदनिंग करून घेतलं होतं. आता टोकांना खूप फाटे फुटलेत, मधेमधे पांढरे ठिपके पण दिसतात. मामी म्हणाली दर महिन्याला ट्रिम केलं की केस पटापट वाढतात, म्हणून मी दर महिन्याला न चुकता अर्धा इंच कापून घेते. सीरम लावते, कांद्याचं तेल लावते, बायोटिनच्या गोळ्या चालू आहेत. आंघोळीला बोरिंगचं पाणी आहे. पुढच्या मार्गशीर्षात माझं लग्न आहे, अजून वर्षभर वेळ आहे, मला कमरेपर्यंत केस हवेत. पार्लरवाली म्हणते केराटिन करून घे, सगळे फाटे जुळून येतील. आजी म्हणते सगळं सोड आणि शिकेकाई लाव. कुणाचं ऐकू?"

अगं, पहिले तर लग्नाच्या खूप खूप शुभेच्छा! आणि घाबरू नकोस, तुझे केस अगदी व्यवस्थित वाढतायत. तुझ्या पत्रातच त्याचा हिशेब आहे, बघ. डोक्यावरचा केस महिन्याला साधारण सव्वा सेंटीमीटर वाढतो, कुणाचा थोडा कमी कुणाचा थोडा जास्त, वर्षाचे 15 सेंटीमीटर धर. आणि अर्धा इंच म्हणजे किती, तर सव्वा सेंटीमीटरच ना! म्हणजे महिनाभरात जेवढा केस वरून आला तेवढाच तू पार्लरमध्ये जाऊन कापून आलीस, असं दोन वर्षं चाललंय, 30 सेंटीमीटर आले आणि 30 सेंटीमीटर गेले, मग पुढे सरकणार कुठून?

मामीने प्रेमाने सांगितलं असणार, आणि हे जवळपास प्रत्येक घरात सांगतात, माझ्या पार्लरमध्ये येणाऱ्या निम्म्या बायका हेच म्हणतात की कापले की जोर धरतात. पण केसाचा जिवंत भाग फक्त कातडीच्या आत असतो, मुळाशी. बाहेर जो दिसतो त्यात रक्त नाही, नस नाही, म्हणून तर कापताना दुखत नाही. खाली टोकाला कात्री लागली हे वर मुळाला कळायचा रस्ताच नाहीये. पौर्णिमेला कापा नाहीतर अमावस्येला, वेग तोच राहतो. कापल्यावर केस दाट वाटतात कारण झिजलेली बारीक टोकं गेलेली असतात आणि खालची कड एकसारखी दिसते, तेवढंच.

मग कापायचंच नाही का? कापायचं, पण दुसऱ्या कारणासाठी. सुईत दोरा ओवताना टोक फुटलेलं असलं की आपण काय करतो, थुंकी लावून वळतो, एखाद-दोन वेळा जमतं आणि मग परत फिसकटतं, शेवटी तेवढं टोक कात्रीने उडवतो तेव्हा दोरा सरळ जातो. फाटा फुटलेल्या केसाचं अगदी तसंच आहे. तुझं सीरम म्हणजे ती थुंकी आहे, त्यातलं सिलिकॉन दोन फाटे चिकटवून ठेवतं, केस चमकतो, पुढच्या धुण्यात ते निघून जातं. सीरम वाईट नाही हं, लाव तू, घर्षण कमी होतं त्याने, पण त्याने केस जुळला असं समजू नकोस. एकदा चिरला की चिरला, बाजारातली कुठलीही बाटली त्याला कायमचा जोडत नाही. आणि न कापता ठेवला तर चीर वर वर सरकत जाते आणि मग तो मधेच कुठेतरी तुटतो, म्हणजे अर्धा सेंटीमीटर वाचवायला जाऊन पाच सेंटीमीटर गमावतेस.

आता हे होतं कशाने ते नीट समजून घे, म्हणजे पुढचं सगळं तुझं तुलाच सुचेल. केसाच्या बाहेर अगदी पातळ खवल्यांचे थर असतात, एकावर एक चढलेले, मुळाकडून टोकाकडे. त्याच्या आत केराटिनच्या लांब लांब तंतूंची जुडी. जोवर खवले जागेवर आहेत तोवर आतली जुडी सांभाळून राहते. खवले घासून घासून उडाले की जुडी उघडी पडते, आणि मग ती टोकाला सुटते, तो फाटा. मधे जे पांढरे ठिपके म्हणतेस ना, ती तीच गोष्ट केसाच्या मध्यावर झालेली असते, तिथे तंतू ठेचल्यासारखे बाहेर आलेले असतात. एक ठिपकावाला केस दोन्ही बाजूंनी हळूच ओढून बघ, बहुतेक तिथूनच तुटेल.

आणि टोकाचं वय किती, याचा विचार केलायस कधी? पाठीच्या मध्यापर्यंत म्हणजे तुझे केस अंदाजे 50 सेंटीमीटर धरू. म्हणजे तुझ्या वेणीचं शेवटचं टोक सव्वातीन वर्षांपूर्वी डोक्यातून बाहेर आलेलं आहे. आठवड्यातून दोनदा न्हाण म्हटलं तरी ते टोक तीनशेच्या वर वेळा धुतलं गेलंय, पुसलं गेलंय, विंचरलं गेलंय, वर इंदूरचं ऊन, धूळ, रंगपंचमी सगळं त्याने सोसलंय. त्यातून तुझं स्मूदनिंग दोन वर्षांपूर्वीचं, म्हणजे वरचे 30 सेंटीमीटर नवे आणि खालचे 20 सेंटीमीटर ते औषध लागलेले. दिवसाच्या उजेडात खिडकीपाशी उभी राहा, एक बट पुढे घे, वर थोडी लाट दिसेल आणि एका जागेपासून खाली केस एकदम काडीसारखा सरळ, ती तुझी सीमारेषा. बहुतेक सगळे फाटे आणि ठिपके त्या रेषेच्या खाली सापडतील. स्मूदनिंग, रीबॉण्डिंगमध्ये केसाच्या आतले सल्फरचे बंध औषधाने तोडतात, केस सरळ करून ते बंध परत जोडतात, पण सगळे जोडले जात नाहीत, त्यामुळे तो केस कायमचा थोडा कमजोर राहतो. म्हणून वरच्या केसाला एक वागणूक आणि खालच्या 20 सेंटीमीटरला जास्त मायेची वागणूक, एवढं धरून चाल.

आता केराटिन. इथे मी अगदी स्पष्ट सांगते, माझं स्वतःचं पार्लर आहे आणि त्यात पैसा किती आहे ते मला माहितीये तरी सांगते, करू नकोस. नाव केराटिन असलं तरी केस सरळ होतो तो केराटिनने नाही, त्याच्याबरोबरच्या रसायनाने आणि वरून फिरवलेल्या कडक इस्त्रीने होतो. जुन्या प्रकारांमध्ये फॉर्मल्डिहाइड, ज्याची वाफ डोळ्यांना झोंबते आणि जे कॅन्सर करणाऱ्या पदार्थांच्या यादीत आहे. मग "फॉर्मल्डिहाइड फ्री" लिहिलेली क्रीम आली, त्यातल्या बऱ्याच क्रीममध्ये ग्लायऑक्सिलिक ऍसिड असतं. 2024 मध्ये न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिनमध्ये एका 26 वर्षांच्या बाईबद्दल छापून आलं, तुझ्याच वयाची, तिने तीन वेळा असं स्ट्रेटनिंग केलं आणि तिन्ही वेळा तिच्या किडनीला इजा झाली, त्या क्रीममध्ये 10 टक्के ग्लायऑक्सिलिक ऍसिड होतं. प्रत्येकीला असं होतं असं नाही, पण ज्या केसाला आधीच एकदा औषध लागलंय त्याच्यावर दुसरं औषध आणि 200 डिग्रीच्या आसपासची इस्त्री, आणि बदल्यात काय तर तीन-चार महिने चमक, त्यानंतर तेच फाटे जास्त. लग्नाच्या वर्षात हे नकोच. पार्लरवाली जुळतील म्हणाली ना, तिला क्रीमचा डबा दाखवायला सांग आणि मागचं बारीक अक्षर वाच.

त्यापेक्षा कात्रीचं असं ठरव. यावेळी एकदाच चार-पाच सेंटीमीटर काढून टाक. मला माहितीये जीव वर-खाली होतोय, पण सगळ्यात वाईट तेवढंच आहे, ते गेलं की अर्धं दुखणं गेलं. सगळे 20 सेंटीमीटर काढायला मी सांगणार नाही, काहीजणी सांगतात, मला ते लग्नाच्या वर्षात पटत नाही. त्यानंतर दर तीन महिन्यांनी एकदा, एक सेंटीमीटर, जास्त नाही, आणि पार्लरमध्ये बोटाने दाखवून सांग किती ते, "थोडेसे" म्हणू नकोस कारण प्रत्येकीचं थोडंसं वेगळं असतं. सरळ कट नाहीतर यू कट घे. लेयर, स्टेप, आणि विशेषतः रेझरने केलेला फेदर कट नको, रेझरने केस तिरका तासला जातो आणि तिरकं टोक लवकर फुटतं. मधल्या काळात घरी महिन्यातून एकदा निवांत बस, गच्चीवर कोवळ्या उन्हात, कोरड्या केसांची बोटाएवढी बट घेऊन हलकेच पिळायची, पिळली की फुटलेली टोकं बाजूला उभी राहतात, तेवढीच टिपायची, फाट्याच्या अर्धा सेंटीमीटर वरून. कात्री केसांचीच हवी, धारदार. स्वयंपाकघरातली दुधाच्या पिशव्या कापायची कात्री नको, ती केस कापत नाही, चावते, आणि तिथून नवा फाटा सुरू होतो.

पाण्याचं. इंदूरला 1978 पासून नर्मदेचं पाणी येतंय, नर्मदेकाठच्या जलूदहून डोंगर चढवून आणलेलं, आणि ते बोरिंगपेक्षा बरंच मऊ आहे पण येतं एक दिवसाआड, म्हणून न्हाण्याला घरोघरी बोरिंगच. तुझ्या बादलीच्या कडेला पांढरा थर बसतो का बघ, बसत असेल तर तोच थोडा थोडा केसांवर पण बसतोय. त्याने केस राठ लागतो, राठ केस एकमेकांत अडकतात, गुंता होतो, आणि गुंता ओढून सोडवला की खवले उडतात. केस धुवायचा दिवस नळाच्या दिवशी ठेव, सगळं न्हाणं नर्मदेच्या पाण्याने जमत नसेल तर शेवटची एक बादली तरी बाजूला काढून ठेव. फिल्टर-बिल्टर नंतर बघू, आधी हे कर. आणि कंडिशनर कधीच चुकवायचा नाही, बोरिंगच्या पाण्याला तर नाहीच. लावायचा मधल्यापासून टोकापर्यंत, डोक्याच्या कातडीला नाही. शॅम्पू उलट, तो फक्त डोक्याला, टोकांना जो फेस ओघळतो तेवढा पुरे. आपल्याकडे सगळे केस वर डोक्यावर गोळा करून कपड्यासारखे चोळायची सवय असते, ती आजपासून बंद.

आजीचं अर्धं खरं आहे. शिकेकाई केसांना साबणापेक्षा नक्कीच बरी, साबण अल्कधर्मी असतो त्याने खवले उघडतात, आणि कठीण पाण्यात तर साबणाचा साका केसांना चिकटून बसतो. पण हल्ली बाजारातली जी भुकटी मिळते ती थेट केसांवर थापली की तिचे खरबरीत कण खालच्या कमजोर केसांना घासतात आणि धुताना निघता निघत नाहीत. आजीला विचार, तिच्या तरुणपणी नुसती भुकटी नाही लावायचे, काढा करायचे. सियागंज बाजारातून अख्ख्या शेंगा, रिठा, आवळकाठी आण, पाहिजे तर नागरमोथा नि कपूरकाचरी वासाला, रात्री भिजत घाल, सकाळी उकळ, आणि पातळ धोतराच्या फडक्यातून गाळून फक्त ते पाणी वापर. डोळे मिटून हं, डोळ्यात गेलं तर फार आग होते. रोजच्या धावपळीत एवढं कुठे होतंय, तर साधा सौम्य शॅम्पू चालतो, त्यात काही कमीपणा नाही.

तेल खोबरेल घे, बास. कांद्याचं तेल तुझ्या फाट्यांसाठी काहीच करणार नाही. 2002 मध्ये कांद्याच्या कच्च्या रसावर एक छोटा अभ्यास झाला होता, तो चाई, म्हणजे डोक्यावर गोल गोल टक्कल पडलेल्या लोकांवर होता आणि रसावर होता, बाटलीतल्या सुगंधी तेलावर नव्हता. खोबरेलाचं मात्र खरंच आहे. त्यातलं लॉरिक ऍसिड छोटं आणि सरळ असतं म्हणून ते केसाच्या आत शिरतं, 2003 मध्ये मुंबईच्या रेले आणि मोहिले यांनी छापलेल्या अभ्यासात खोबरेल लावलेल्या केसांतून धुताना प्रोटीन कमी निघून गेलं, मिनरल ऑइल आणि सूर्यफुलाने तसं झालं नाही. ते दोघे खोबरेल तेलाच्या कंपनीतले होते हे पण सांगायला हवं, पण तेल आत जातं ही गोष्ट नंतर इतरांनाही दिसलीये. लावायचं न्हाणाच्या आधी, रात्री नाहीतर दोन-तीन तास आधी, चमचाभर, आणि लक्ष टोकांकडे. केस ओला झाला की फुगतो, वाळला की आकसतो, हे सतत होऊन तो आतून थकतो, तेल आधी शिरलेलं असलं की पाणी कमी शिरतं, तेवढा आराम. कोंडा असेल तर कातडीला तेल चोळू नकोस, कोंडा तेलावर वाढतो.

न्हाऊन आल्यावर जे आपण करतो ना, मान वाकवून केस पुढे घ्यायचे आणि दोन्ही हातांनी पंचा ताणून फटाफट झोडायचे, थेंब उडतात, छान मोकळं वाटतं, आईला-काकूला बघून आपण सगळ्याच शिकलोय ते. ते सगळ्यात आधी थांबव! ओला केस ताणाला फार कच्चा असतो, सहज लांबतो आणि एका हद्दीनंतर मग परत जागेवर येत नाही. पंचाच वापर, मऊ सुती पंचा टर्किश टॉवेलपेक्षा कितीतरी चांगला, पण दाबून पाणी टिपायचं, मुठीमुठीने, वरून खाली. विंचरायचं अर्धवट सुकल्यावर, रुंद दातांच्या कंगव्याने, आणि सुरुवात टोकापासून, खालचे चार बोटं मोकळे झाले की थोडं वरून, मग अजून वरून. गुंता लागला तर वरची बट मुठीत धरून ठेव म्हणजे ओढ पुढे जात नाही. वरून एकदम सर्रकन कंगवा खाली आणला की सगळे गुंते टोकाशी जमा होऊन घट्ट होतात आणि मग कट्ट कट्ट आवाज येतो, तो आवाज आला की समजायचं केस तुटले.

ड्रायर वापरलास तर वीत-दीड वीत लांब धर आणि हलवत राहा, एका जागी थांबवू नकोस. स्ट्रेटनर शक्यतो नको, आणि ओल्या किंवा दमट केसांवर तर कधीच नको. केसातलं पाणी आतल्या आत उकळतं आणि केसात बुडबुडे होतात, खरोखरचे बुडबुडे, सूक्ष्मदर्शकाखाली दिसतात, तिथून केस तुटतोच. चर्रर्र आवाज करून वाफ आली तर ते सीरम जळतंय अशी समजूत करून घेऊ नकोस, लगेच बंद कर.

तुझ्या पत्रात मला सगळ्यात जास्त खटकली ती गोष्ट तू एका वाक्यात लिहून सोडून दिलीस, ऍक्टिवा. राजेंद्रनगर ते विजयनगर म्हणजे अर्धं शहर झालं गं, आणि इथल्या मुली स्कार्फने चेहरा, डोकं सगळं बांधतात पण केसांचा शेपटा पाठीवर मोकळा उडत असतो. जाताना एकदा येताना एकदा, रोज, वारा त्याला पाठीवर आपटतोय, बॅगेच्या पट्ट्यात अडकतोय, धूळ घासतेय, मग ऑफिसच्या बाथरूममध्ये जाऊन तू तो गुंता घाईघाईत सोडवतेस. माझ्या मते स्मूदनिंगनंतर दुसरा नंबर याचाच आहे. निघताना सैल वेणी घाल, टोकाला कापडाचा बो लाव, रबर नको, आणि वेणी कुडत्याच्या आत टाक नाहीतर गुंडाळून स्कार्फच्या आत घे. स्कार्फच्या आत सॅटीनचा एक तुकडा लावून घेतलास तर उत्तमच, एमटी क्लॉथ मार्केटमधून मीटरभर आण, त्यातच उशीचा अभ्रा पण होतो. नाहीतर आईची एखादी विरलेली मऊ रेशमी साडी असेल तर अभ्र्याला त्याच्यासारखं दुसरं काही नाही. ओल्या केसांवर हेल्मेट चढवून निघायचं नाही, रात्री न्हा हवं तर. आणि शेपटा रोज एकाच जागी घट्ट बांधू नकोस, बांधल्या जागी केस तुटतो आणि कपाळावरची केसांची रेघ पण मागे सरकते.

रंगपंचमीला राजवाड्याला गेर, म्हणजे रंगांची मिरवणूक, बघायला जाणार असशीलच, न जाता इंदूरचा माणूस राहतो का! जा, पण आदल्या रात्री तेल, सकाळी परत थोडं, घट्ट नाही पण पक्की वेणी, वरून कापड. घरी आल्यावर आधी कोरडा रंग झटकून काढ, मग पाणी.

बायोटिन बंद कर. ज्यांच्या शरीरात खरंच त्याची कमतरता असते त्यांनाच फायदा होतो आणि ती कमतरता फार कमी लोकांत असते. वर त्याने थायरॉइडसारख्या रक्ताच्या तपासणीचे आकडे चुकीचे येऊ शकतात, तेव्हा कधी रक्त द्यायला गेलीस तर गोळ्या घेत होतीस हे डॉक्टरांना नक्की सांग. केस प्रोटीनचा बनतो, आणि आपला सकाळचा नाश्ता म्हणजे पोहे-जिलबी, वरून सेव, चव अफाट पण प्रोटीन नावापुरतं. तुझं वजन 55 किलो असेल तर दिवसाला साधारण 45 ग्रॅम प्रोटीन हवं. पोहे सोडू नकोस, बरोबर भिजवलेले मूग घे, वाटीभर दही घे, डाळ पातळ नको जाड घे, अंडं चालत असेल तर अंडं. लग्नाआधी वजन कमी करायचं म्हणून एकवेळ जेवणारं डाएट सुरू केलंस तर दोन-तीन महिन्यांनी केस मूठमूठ गळतील, नेमके मेहंदीच्या आसपास, तेव्हा ते आत्ताच डोक्यातून काढ.

एक तपासणी मात्र कर. कंगव्यात येणारे केस पांढऱ्या कागदावर ठेवून बघ. आखूड तुकडे असतील, दोन्ही टोकांना काही नसेल, तर ते तुटलेले आहेत आणि वर सांगितलं ते सगळं त्यांच्यासाठी आहे. पूर्ण लांबीचा केस असेल आणि एका टोकाला बारीक पांढरी गाठ असेल तर तो मुळापासून गळलेला आहे. असे दिवसाला 50 ते 100 गळणं नॉर्मल आहे. त्याहून बरेच जास्त वाटले, किंवा भांग रुंद होतोय, टक्कल दिसतंय, पाळी मागेपुढे होतेय, दम लागतो, तर चर्मरोगतज्ज्ञाकडे जा आणि हिमोग्लोबिन, फेरिटिन (म्हणजे शरीरातला लोहाचा साठा), थायरॉइड बघून घे. तिथे तेल-कंगव्याने काही होत नाही.

आता कमरेपर्यंतचं. खोटं नाही सांगणार, वर्षभरात होणार नाही. 15 सेंटीमीटर येतील, चार-पाच आत्ता जातील, तीन-चार ट्रिममध्ये, हातात सहा-सात राहतील. पण आत्ता तुझी वेणी खाली दोऱ्याएवढी होत असणार, ती तेव्हा शेवटपर्यंत भरलेली असेल, आणि तुझी तूच बघशील की औषध लागलेला भाग 20 वरून अकरा-बारावर आलाय, म्हणजे पुढच्या ट्रिममध्ये तो हळूहळू संपत जाईल. लग्नात लांब वेणीच हवी असेल तर गंगावन, म्हणजे वरून जोडायचे केस, लाव, आपल्या आज्या-पणज्या लावायच्याच, वर गजरा आला की कुणाला कळत पण नाही. खऱ्या केसांचं घे आणि लग्नाच्या महिनाभर आधी एकदा घालून बघ, वजन डोक्याला झेपतंय का ते कळेल.

आणि मेकअपवालीला आधीच सांगून ठेव की उलटा कंगवा मारून केस फुगवायचे नाहीत, ती म्हणेल त्याशिवाय अंबाड्याला उठाव येत नाही, तर आत स्टफिंग ठेवायला सांग. रिसेप्शन संपून कितीही वाजले तरी पिना काढल्याशिवाय झोपू नकोस. स्प्रे मारलेला केस कोरडा विंचरायचा नाही, एक कंगवा पण नाही, आधी भरपूर कोमट पाणी, मग कंडिशनर आणि मग बोटांनी सोडव. पिना शोधायला एखाद्या बहिणीला मागे बसव, एकटीने ओढाओढी करू नकोस.